वृषण लहान का झाले, हे आधी ठरवू या

प्रश्न : माझे वय २९ वर्षे आहे. गाव करवीर तालुक्यातले, सध्या शिरोली एम.आय.डी.सी.तील एका फौंड्रीत भट्टीवर काम करतो. एकविसाव्या वर्षापर्यंत कोल्हापुरात तालमीत राहून कुस्ती केली. सतराव्या वर्षी तालमीत आम्हा तिघाचौघांना गालगुंड झाले; त्यात माझी उजवी गोटी सुजली, आठवडाभर ताप होता. वस्तादांनी लेप लावला आणि सूज उतरली. नोकरी लागल्यावर जिमला जाऊ लागलो आणि तिथल्या ट्रेनरच्या सांगण्यावरून दोन वर्षे टेस्टोस्टेरॉनची व ‘डेका’ची इंजेक्शने घेतली. ती बंद करून पाच आठवडे झाले. लग्नाला अडीच वर्षे झाली, मूल नाही. वीर्यतपासणीत शुक्राणू शून्य आले. सोनोग्राफीत उजवे वृषण ६ मिलि, डावे ११ मिलि, उजव्याची रचना खरबरीत, आणि खाली ‘टेस्टिक्युलर ॲट्रॉफी’ असे लिहिले आहे. रक्तात एफ.एस.एच. ०.६, एल.एच. ०.३ आणि टेस्टोस्टेरॉन ९० आले. एका ओळखीच्यांनी दोन्ही बाजूंची बायोप्सी लगेच करायला सांगितले आहे. घरचे म्हणतात, घट्ट लंगोट आणि भट्टीची धग यांनी हे झाले. ट्रेनर म्हणतो, आणखी एक इंजेक्शन घे, सगळे जागेवर येईल. हा कॅन्सर तर नाही ना? वृषणे पुन्हा पहिल्यासारखी होतील का? धाकटा भाऊ अजून तालमीत आहे, त्याची काय काळजी घ्यावी? (कृपया नाव छापू नये.)

उत्तर : तुम्ही तपासण्यांचे आकडे जसेच्या तसे कळवले आणि इंजेक्शनांची गोष्ट लपवली नाही, याबद्दल प्रथम तुमचे आभार मानतो, कारण तुमच्या प्रश्नाचे उत्तर बहुतांशी त्या दोन गोष्टींतच दडलेले आहे. सोनोग्राफीच्या कागदावरची ‘ॲट्रॉफी’ हे निदान नव्हे. अवयव आक्रसला आहे, एवढेच तो शब्द सांगतो. तो का आक्रसला, हे त्यातून कळत नाही. तुमच्या पत्रावरून माझे मत असे झाले आहे की तुमची दोन वृषणे दोन निरनिराळ्या कारणांनी लहान झाली आहेत. उजव्याचे नुकसान बारा वर्षांपूर्वीच्या गालगुंडाने केले असावे आणि ते बहुधा कायमचे आहे. डावे मात्र इंजेक्शनांमुळे निष्क्रिय झाले असावे आणि ते पूर्ववत होण्याची शक्यता चांगली आहे. पत्र वाचून दिलेले मत प्रत्यक्ष तपासणीची जागा घेऊ शकत नाही, हे लक्षात ठेवून पुढचे वाचावे.

आकाराचा हिशेब आधी समजून घ्यावा. प्रौढ पुरुषाच्या वृषणाचे आकारमान साधारणपणे १५ ते २५ मिलिलिटर असते, आणि १२ मिलिलिटरपेक्षा कमी भरले तर आम्ही त्याला लहान म्हणतो. दोन्ही बाजूंत थोडा फरक असणे किंवा एक बाजू दुसरीपेक्षा खाली लोंबणे यात काहीही वावगे नाही. या आकारमानाचा सुमारे चार पंचमांश भाग शुक्राणू तयार करणाऱ्या बारीक, वेटोळ्या नलिकांनी व्यापलेला असतो. पुरुषी संप्रेरक तयार करणाऱ्या लायडिग पेशी या नलिकांमधल्या फटींत, अगदी थोड्या जागेत राहतात. म्हणून वृषण लहान होणे म्हणजे प्रामुख्याने नलिका बारीक किंवा रिकाम्या होणे होय. दाढीमिशा, आवाज आणि कामेच्छा जागेवर असलेल्या माणसाचेही वृषण लहान असू शकते आणि त्याच्या वीर्यात शुक्राणू नसू शकतात, याचा उलगडा या रचनेतून होतो.

मी पॅथॉलॉजीचा माणूस असल्याने हे सारे सूक्ष्मदर्शकाखाली कसे दिसते, ते सांगतो. त्यावाचून बायोप्सीविषयीचे माझे म्हणणे तुम्हाला पटणार नाही. निरोगी वृषण कापले तर आतला भाग पिवळसर तपकिरी आणि मऊ असतो, आणि चिमट्याने हलके ओढल्यास नलिका सुट्या होऊन लांब निघतात. काचपट्टीवर त्यांचे आडवे छेद गोल दिसतात. प्रत्येक गोलाभोवती एक पातळ आधारपटल असते. त्या पटलाला चिकटून मूळ जननपेशी असतात, त्यांच्या आत विभाजन पावणाऱ्या पेशी, त्यांच्याही आत गोल आणि मग लांबट होत जाणाऱ्या शुक्राणुपूर्व पेशी, आणि मध्यभागी पोकळीत तयार शुक्राणू, असे थर लागलेले असतात. या सर्वांना आधार, पोषण आणि संरक्षण देणाऱ्या सर्टोली पेशी पटलापासून पोकळीपर्यंत उभ्या असतात. मूळ जननपेशीपासून शुक्राणूपर्यंतचा प्रवास सुमारे ७४ दिवसांचा असतो, आणि पुढे अधिवृषणातून, म्हणजे वृषणामागच्या वेटोळ्या नळीतून, बाहेर येण्यास आणखी काही दिवस लागतात; म्हणजे आज वृषणात घडलेला बदल वीर्यतपासणीत उमटायला जवळजवळ तीन महिने जातात. हा आकडा पुढे तुमच्या उपयोगी पडणार आहे.

आक्रसणाऱ्या वृषणात पेशी एका ठरावीक क्रमाने नाहीशा होत जातात. सर्वांत आधी पोकळीजवळच्या, विकासाच्या शेवटच्या टप्प्यातल्या पेशी जातात. मग विभाजन पावणाऱ्या. आणि शेवटी पटलालगतच्या मूळ जननपेशी. सर्टोली पेशी चिवट असतात, त्या बऱ्याच काळ तग धरतात, आणि अनेकदा अशी अवस्था दिसते की नलिकेत केवळ त्याच उरल्या आहेत. लायडिग पेशी त्यांहूनही चिवट. दरम्यान आधारपटल जाड होत जाते, त्याभोवती तंतुमय ऊती साठते, नलिकेचा व्यास घटतो, पोकळी मिटते आणि अखेरीस तिच्या जागी एकसंध, गुलाबी, पेशीरहित द्रव्याची गाठोळी उरते, ज्याला आम्ही हायलीन म्हणतो. अशा नलिकांच्या गर्दीत लायडिग पेशींचे पुंजके मोठे दिसू लागतात. त्या संख्येने खरोखर वाढलेल्या असतातच असे नाही. आजूबाजूचे सारे आक्रसल्यामुळे त्या नजरेत भरतात. असे वृषण कापले तर पांढुरके आणि टणक लागते, आणि चिमट्याने ओढल्यास त्यातून नलिका निघत नाहीत.

इथे एक मुद्दा फार महत्त्वाचा आहे. ज्या नलिकेत मूळ जननपेशी शिल्लक आहेत आणि पटल अजून पातळ आहे, ती नलिका पुन्हा भरू शकते. जिचे हायलीन झाले, ती परत येत नाही. भट्टीवर काम करणाऱ्या माणसाला हा फरक सांगायला नको : भट्टी विझलेली असणे वेगळे आणि भट्टीचे अस्तर ढासळलेले असणे वेगळे, बाहेरून दोन्ही थंडच दिसतात. सोनोग्राफीत दोन्हींना ‘ॲट्रॉफी’ हाच शब्द लागतो. तुमच्या बाबतीत उजवीकडे अस्तर गेले आहे आणि डावीकडे भट्टी विझली आहे, असा माझा अंदाज आहे. तो कशावरून, ते आता पाहू.

गालगुंडाचा विषाणू लाळग्रंथींशिवाय इतर ग्रंथींवरही जातो. वयात आलेल्या मुलांना आणि पुरुषांना गालगुंड झाले तर साधारण १५ ते ३० टक्के जणांत वृषणदाह होतो. गाल सुजल्यानंतर बहुधा चार ते आठ दिवसांनी तो सुरू होतो आणि बहुतेकांत एकाच बाजूला होतो. वयात येण्यापूर्वी तो क्वचितच होतो, म्हणून लहानपणी गालगुंड झालेल्यांनी घाबरण्याचे कारण नाही. तुमचे वय तेव्हा सतरा होते, आणि तेच नेमके धोक्याचे वय. वृषणाभोवती एक पांढरे, जाड, न ताणले जाणारे आवरण असते. आत दाह झाला, पाणी साठले आणि दाहाच्या पेशी जमल्या की हे आवरण सैल पडत नाही, त्यामुळे आतला दाब वाढतो, सूक्ष्म रक्तवाहिन्या दबतात आणि नलिकांचा रक्तपुरवठा खुंटतो. विषाणूने केलेले नुकसान आणि दाबाने केलेले नुकसान, असा हा दुहेरी मार असतो. दाह ओसरल्यावर, पुढच्या काही महिन्यांत, बाधित वृषणांपैकी जवळपास तीस ते पन्नास टक्के वृषणे कमीअधिक आक्रसतात. सूज उतरली म्हणजे आजार बरा झाला, असे तुम्हाला आणि तुमच्या वस्तादांना तेव्हा वाटले. ते साहजिक होते, आणि लेपाने काही बिघडलेही नसावे. परंतु पुढचे आक्रसणे मुकाट्याने, वेदनेशिवाय घडते, त्यामुळे ते ध्यानात येत नाही.

गालगुंडाने आक्रसलेल्या वृषणाची काचपट्टी पाहिली तर एक गोष्ट हमखास आढळते : नुकसान ठिकठिकाणी विखुरलेले असते. एका बाजूला पूर्ण हायलीन झालेल्या नलिकांचा पट्टा, आणि लगेच शेजारी शुक्राणू तयार करणाऱ्या निरोगी नलिकांचा पुंजका, असे एकाच क्षेत्रात दिसू शकते. गालगुंडाने पुरुष पूर्णपणे वंध्य होणे दुर्मिळ आहे, त्याचे हे एक कारण. दुसरे म्हणजे दुसरी बाजू बहुधा अबाधित राहते. तुमच्या सोनोग्राफीतील उजव्या वृषणाची ‘खरबरीत रचना’ या विखुरलेल्या तंतुमयतेशी जुळते. डाव्याच्या रचनेबद्दल अहवालात काही वावगे लिहिलेले नाही, केवळ आकार कमी आहे, हा फरक मला फार बोलका वाटतो.

आता डाव्या बाजूकडे आणि इंजेक्शनांकडे येतो. वृषणाला काम करण्याचा हुकूम मेंदूच्या तळाशी असलेल्या पीयूषिका ग्रंथीकडून दोन संप्रेरकांच्या रूपाने येतो. एल.एच. लायडिग पेशींना टेस्टोस्टेरॉन तयार करायला लावते आणि एफ.एस.एच. सर्टोली पेशींना शुक्राणुनिर्मितीच्या कामाला जुंपते. रक्तात टेस्टोस्टेरॉन पुरेसे आहे असे मेंदूला जाणवले की तो हे दोन्ही हुकूम आखडते घेतो. बाहेरून टेस्टोस्टेरॉन टोचले, किंवा ‘डेका’ म्हणजे नॅन्ड्रोलोन टोचले, तरी मेंदूची समजूत तीच होते. येथे पुष्कळांचा गोंधळ होतो. ते विचारतात की पुरुषी संप्रेरक जास्त घेतल्यावर वृषण वाढायला हवे, ते लहान कसे होईल? शुक्राणू तयार होण्यासाठी वृषणाच्या आत टेस्टोस्टेरॉनचे प्रमाण रक्तातल्यापेक्षा कित्येक पटींनी अधिक लागते, आणि ते प्रमाण आतल्या लायडिग पेशीच राखू शकतात. सुईने रक्तातला आकडा कितीही वाढवला तरी एल.एच. अभावी आतल्या लायडिग पेशी थंडावतात, नलिकांना त्यांचा खुराक मिळत नाही, जननपेशींचे थर विरळ होतात आणि नलिका बारीक होतात. दंड फुगतात आणि वृषणे आक्रसतात, ती अशी.

तुमचे आकडे याला दुजोरा देतात. प्रौढ पुरुषात एफ.एस.एच. साधारण १.५ ते १२ च्या दरम्यान असते, तुमचे ०.६ आहे. एल.एच. ०.३ म्हणजे जवळपास नाहीच. टेस्टोस्टेरॉन ९० नॅनोग्रॅम हे तर सर्वसाधारण किमान पातळी म्हणून धरल्या जाणाऱ्या ३०० च्या बरेच खाली आहे. दोन्ही वृषणे मुळातच निकामी झाली असती तर मेंदूने हुकमाचा आवाज चढवला असता आणि एफ.एस.एच. वीस-तीसच्या घरात गेले असते. तसे झालेले नाही. म्हणजे आजची शून्य शुक्राणुसंख्या आणि आजचे कमी टेस्टोस्टेरॉन यांचे मुख्य कारण वरचा हुकूम बंद असणे, हे आहे. इंजेक्शने थांबवून पाच आठवडेच झाले आहेत. टेस्टोस्टेरॉनचे तेलातले इंजेक्शन काही आठवड्यांत ओसरते, परंतु नॅन्ड्रोलोन शरीरात महिनोन्महिने रेंगाळते. उत्तेजक चाचणीत खेळाडू त्यासाठी वर्षभरानंतरही पकडले जातात, ते याच कारणाने. तेव्हा इतक्या लवकर केलेल्या तपासणीवरून कायमचा निष्कर्ष काढणे चुकीचे ठरेल.

लंगोट आणि भट्टी यांविषयी घरच्यांचे म्हणणे निव्वळ अज्ञानाचे नाही. वृषणे शरीराबाहेर असतात, कारण शुक्राणुनिर्मितीला शरीराच्या तापमानापेक्षा दोन ते चार अंश सेल्सिअस कमी तापमान लागते. सतत धगीपुढे काम करणाऱ्यांत शुक्राणूंची संख्या आणि गुणवत्ता घटू शकते. तथापि, उष्णतेचा असा परिणाम बहुधा संख्येवर होतो; एफ.एस.एच. आणि एल.एच. जवळपास शून्यावर नेणे किंवा एकच वृषण सहा मिलिलिटरवर आणणे धगीला जमत नाही. लंगोटाचे म्हणाल तर खासबागेच्या मैदानात पिढ्यान्‌पिढ्या लंगोट कसून उतरलेल्या पैलवानांची मुलेबाळे पंचक्रोशीत नांदत आहेत. मूल होण्यासाठी प्रयत्न सुरू असेपर्यंत भट्टीच्या तोंडापासून जमेल तेवढे दूर राहता आले, पाळी बदलून घेता आली, तर अवश्य घ्यावी; परंतु दोष तिच्या माथी मारून मूळ कारण झाकू नये.

वृषण आक्रसण्याची इतरही कारणे आहेत आणि तुमच्या डॉक्टरांनी ती नजरेआड करू नयेत. बालपणी वृषण खाली न उतरणे हे त्यांतले मोठे कारण. तुमच्या पत्रात तसा उल्लेख नाही, पण आईला एकदा विचारावे. वृषणाच्या नसा फुगणे, म्हणजे व्हेरिकोसील, हे बहुधा डावीकडे होते, कारण डावी शीर काटकोनात मूत्रपिंडाच्या शिरेला मिळते आणि तिच्यात रक्त तुंबण्याची शक्यता अधिक असते. डॉप्लर सोनोग्राफीत ते दिसते. जन्मतःच एक्स गुणसूत्र जास्त असण्याची स्थिती, जिला क्लाइनफेल्टर म्हणतात, तिच्यात दोन्ही वृषणे अगदी लहान आणि टणक असतात, चार-पाच मिलिलिटरची, आणि वयात आल्यावर नलिका भराभर हायलीनने भरतात. तुमच्या डाव्याचे आकारमान ११ मिलिलिटर आहे, त्यामुळे ही शक्यता मला कमी वाटते, पण गरज पडल्यास गुणसूत्रांची तपासणी रक्तावर होते. कुष्ठरोगाच्या एका प्रकारात जंतू शरीरातल्या थंड जागा निवडतात आणि त्यांत वृषणही येते. अतिमद्यपान आणि यकृताचा सिरोसिस, कर्करोगावरील काही औषधे आणि किरणोपचार, हर्नियाच्या शस्त्रक्रियेत रक्तवाहिनीला झालेली इजा, वार्धक्यातील रक्तवाहिन्यांचा कठीणपणा, ही यादी आणखी लांबवता येईल. पण तुमच्या पत्रात यांपैकी कशाचा मागमूस नाही. एकाच शक्यतेकडे मात्र दुर्लक्ष होता कामा नये : पीयूषिकेचा स्वतःचाच आजार. एफ.एस.एच. आणि एल.एच. कमी असण्याचे ते दुसरे कारण असू शकते. म्हणून रक्तातले प्रोलॅक्टिन, म्हणजे पीयूषिकेचे आणखी एक संप्रेरक, एकदा तपासून घ्यावे, आणि सतत डोके दुखणे, कडेचे दिसेनासे होणे अशी लक्षणे असतील तर ती डॉक्टरांना अवश्य सांगावीत.

बायोप्सी आज करू नये, असे माझे स्पष्ट मत आहे. ज्याच्या पोटापाण्याचा व्यवसायच बायोप्सी वाचण्याचा आहे, त्याने हे म्हणावे, याचे तुम्हाला नवल वाटेल. हुकूम बंद असलेल्या वृषणाचा तुकडा घेतला तर त्यात बारीक नलिका आणि विरळ जननपेशी दिसणार, हे तुकडा न घेताही मला ठाऊक आहे. त्या चित्रावरून उद्या ते वृषण किती सावरेल, हे मी सांगू शकणार नाही. उजव्या बाजूला नुकसान विखुरलेले असल्याने तांदळाएवढा तुकडा निरोगी भागातून आला की मेलेल्या भागातून, यावर उत्तर बदलेल. आणि तुमचे जे एक बरे वृषण उरले आहे, त्यात विनाकारण सुरी घालून रक्तस्राव वा व्रण यांची जोखीम घेण्यात मला शहाणपण दिसत नाही. पुढे संप्रेरके पूर्ववत होऊनही शुक्राणू शून्यच राहिले, तर मात्र सूक्ष्मदर्शकाच्या साहाय्याने नलिका निवडून त्यांतून शुक्राणू शोधण्याची शस्त्रक्रिया करता येते, आणि त्याच वेळी ऊतीचा तुकडाही तपासता येतो. तशी वेळ आली तर एक गोष्ट शल्यचिकित्सकांना आठवण करून द्यावी, ती आमच्या बाजूची आहे : वृषणाचा तुकडा नेहमीच्या फॉर्मॅलिनमध्ये टाकला की नलिका आकसतात आणि पेशींचे तपशील पुसट होतात, म्हणून तो बुआँच्या पिवळ्या द्रावणात पाठवावा. ही साधी दक्षता न घेतल्याने अनेक काचपट्ट्या अर्ध्या वाचनीय होऊन आमच्याकडे येतात.

कॅन्सरची भीती तुम्ही विचारली, ती उडवून लावण्यासारखी नाही, पण तुमच्या अहवालात तिला आधार नाही. आक्रसलेले वृषण म्हणजे कॅन्सर नव्हे. खाली न उतरलेल्या वृषणात कर्करोगाचा धोका वाढलेला असतो, आणि आक्रसलेल्या वृषणाच्या नलिकांमध्ये क्वचित पटलालगत मोठ्या, फिकट रंगाच्या विकृत पेशी सापडतात, ज्या पुढे अर्बुदात बदलू शकतात. फार क्वचित असेही घडते की वृषणातले अर्बुद आपोआप विझून तिथे नुसता व्रण आणि आक्रसलेली ऊती उरते, आणि रोग मात्र पोटातल्या लसिकाग्रंथींत आढळतो. म्हणूनच सोनोग्राफीत गाठ नाही, हे वाक्य अहवालात लिहिलेले आहे का, ते पाहावे. नसेल तर रेडिओलॉजिस्टकडून लिहून घ्यावे. महिन्यातून एकदा आंघोळीनंतर दोन्ही वृषणे बोटांनी चाचपण्याची सवय लावून घ्यावी. न दुखणारी, टणक, नवी गाठ जाणवली तर त्याच आठवड्यात दाखवावे. शंका राहिली तर ए.एफ.पी., बीटा-एच.सी.जी. आणि एल.डी.एच. या, वृषणाच्या कर्करोगात वाढू शकणाऱ्या द्रव्यांच्या, रक्ततपासण्या करता येतात.

वृषणे पुन्हा पहिल्यासारखी होतील का, या प्रश्नाला दोन बाजूंसाठी दोन उत्तरे आहेत. उजवे सहा मिलिलिटरच्या फार पुढे जाईल अशी आशा मी लावणार नाही. डावे वाढेल, असे मला वाटते. पुरुषांसाठी गर्भनिरोधक म्हणून टेस्टोस्टेरॉनची इंजेक्शने दिलेल्या निरोगी स्वयंसेवकांच्या चाचण्यांचे एकत्रित विश्लेषण २००६ साली प्रसिद्ध झाले. त्यानुसार इंजेक्शने थांबल्यावर शुक्राणुसंख्या दर मिलिलिटरला दोन कोटींपर्यंत परत येण्याचे प्रमाण सहा महिन्यांत सुमारे ६७ टक्के, बारा महिन्यांत ९० टक्के आणि चोवीस महिन्यांत जवळजवळ शंभर टक्के भरले. ते स्वयंसेवक वैद्यकीय देखरेखीखाली मोजक्या मात्रा घेत होते. जिममध्ये अनेक औषधे एकत्र आणि कितीतरी मोठ्या मात्रेत दिली जातात, शिवाय तुमचे एक वृषण आधीच अधू आहे. म्हणून तुमचा वेग त्यांच्यापेक्षा मंद असू शकतो. पण दिशा तीच आहे.

ट्रेनरचे ‘आणखी एक इंजेक्शन’ कोणते, हे तुम्ही लिहिलेले नाही. ते टेस्टोस्टेरॉन असेल तर ते घेणे म्हणजे नुकताच उघडू पाहणारा हुकूम पुन्हा बंद करणे होय, आणि येथे माझा शब्द कठोर झाला तरी चालेल : ते घेऊ नका. ते एच.सी.जी. असेल तर ते एल.एच.सारखे काम करते आणि या अवस्थेत डॉक्टरही ते कधीकधी देतात. परंतु मात्रा चुकली की शरीरात इस्ट्रोजेन वाढते, छाती सुजते आणि दुखते, आणि रक्ततपासणीचे आकडे फसवे होतात. ही औषधे डॉक्टरांच्या चिठ्ठीशिवाय विकण्यास मनाई आहे, तरीही ती जिमच्या कपाटातून मिळतात, याची चीड तुमच्यासारखी पत्रे वाचताना येते. आपल्याकडच्या पैलवानाने दूध, तूप आणि बदामाच्या थंडाईवर शरीर कमावले; त्या खुराकाने कोणाचे वृषण आक्रसल्याचे ऐकिवात नाही.

प्रत्यक्षात करायचे ते असे. अंतःस्रावी ग्रंथींच्या तज्ज्ञांना किंवा पुरुष-वंध्यत्व पाहणाऱ्या मूत्ररोगतज्ज्ञांना भेटावे. खासगी खर्च झेपत नसेल तर कोल्हापुरातल्या सी.पी.आर. या सरकारी रुग्णालयाच्या बाह्यरुग्ण विभागातून सुरुवात करावी. कोणते इंजेक्शन, किती मात्रेत, कधीपासून कधीपर्यंत घेतले, हे सारे एका कागदावर लिहून न्यावे आणि लाजेखातर काही गाळू नये. एफ.एस.एच., एल.एच. आणि सकाळच्या वेळचे टेस्टोस्टेरॉन, तसेच वीर्यतपासणी, ही साधारण तीन महिन्यांच्या अंतराने पुन्हा करावी. मधल्या काळात दर आठवड्याला तपासून जीव टांगणीला लावण्यात अर्थ नाही, कारण वर सांगितलेला ७४ दिवसांचा प्रवास कोणालाही घाईने उरकता येत नाही. लाल पेशींचे प्रमाण, यकृत आणि कोलेस्टेरॉन यांचीही एकदा तपासणी व्हावी, ती इंजेक्शने यांवरही ओरखडे ठेवतात. वीर्यात पहिले शुक्राणू दिसू लागले की, थोडे असले तरी, ते गोठवून ठेवण्याविषयी डॉक्टरांशी बोलावे. आणि वर्षभरात संप्रेरके हलली नाहीत, तर पीयूषिकेचा एम.आर.आय. आणि औषधोपचार यांचा निर्णय ते घेतील.

या काही महिन्यांत थकवा, चिडचिड, झोप न लागणे, कामेच्छा मंदावणे आणि मन खचणे असे त्रास होण्याची शक्यता आहे. टेस्टोस्टेरॉन ९० असताना ते व्हावेत यात नवल नाही. याच उदासीच्या भरात अनेक जण पुन्हा सुई घेतात. जगणे नकोसे वाटण्यापर्यंत मन खचले तर एक दिवसही न थांबता डॉक्टरांना सांगावे. पत्नीला इंजेक्शनांबद्दल सांगितले आहे की नाही, हे तुम्ही लिहिले नाही. सांगितले नसेल तर सांगावे. अडीच वर्षे तिलाच बोल लावले जात असतील, आणि आपल्याकडे ते लावले जातातच, तर ते तुम्ही स्वतः घरात बोलून थांबवायला हवे. तिच्या प्राथमिक तपासण्या याच काळात उरकून घेतल्या तर पुढचा वेळ वाचेल.

राहिला धाकटा भाऊ. त्याला गालगुंड होऊन गेले नसतील आणि लसही मिळाली नसेल तर गोवर, गालगुंड आणि रुबेला यांची एकत्रित एम.एम.आर. लस त्याने घ्यावी. मोठ्यांना तिच्या दोन मात्रा किमान चार आठवड्यांच्या अंतराने देतात आणि ती खासगी दवाखान्यात मिळते. एका खोलीत झोपणाऱ्या आणि एकाच घागरीतले पाणी पिणाऱ्या तालमीतल्या मुलांत हा आजार झपाट्याने पसरतो, म्हणून शक्य झाल्यास तुमच्या वस्तादांशीही बोलावे. कुणाला गालगुंड झालेच, तर त्याला निदान पाच दिवस वेगळे ठेवावे. आणि भावाला एक गोष्ट आजच सांगून ठेवावी : कुस्ती करताना किंवा झोपेतून उठताना एका वृषणात अचानक तीव्र कळ उठली, पोटात मळमळले आणि ते वृषण वर ओढल्यासारखे वाटले, तर वृषणाला पीळ बसलेला असू शकतो. अशा वेळी आधी रक्त बाहेर नेणारी शीर दबते, आत रक्त तुंबते, आणि मग लायडिग पेशींसकट सारी ऊती मरते. सहा तासांच्या आत शस्त्रक्रिया झाली तर बहुतेक वृषणे वाचतात, चोवीस तासांनंतर क्वचितच. तेव्हा लेप, शेक किंवा सकाळची वाट न पाहता त्याने थेट शल्यचिकित्सक असलेले रुग्णालय गाठावे, मग रात्रीचे दोन वाजले असले तरी.